शेवटचें ताट

संसाराविषयीं उपदेश ऐकण्याची आमच्या वाचकांस सवय आहे. आईबापांचा मान, मुलांचें शिक्षण, नवराबायकोची प्रीति, कर्ज, दारू, हुंडा, ह्या विषयांवर पुष्कळ बोललें व लिहिलें जातें. परंतु घरांत रोज दोन वेळां घडणारी एक गोष्ट अशी आहे कीं, तिच्याविषयीं कोणी फारसें बोलत नाहीं. ती इतकी नित्याची आहे कीं डोळ्यांस दिसतच नाहीं. ती गोष्ट म्हणजे जेवणाचा क्रम. घरांत आधीं कोण जेवतें, मागून कोण जेवतें, आणि अगदीं शेवटीं चुलीपुढें एकटें कोण बसतें, हा आजचा आमचा विषय आहे. कोणी म्हणेल, एवढ्याशा गोष्टींत विचार करण्यासारखें तें काय आहे? आमचें म्हणणें असें कीं, ह्या एवढ्याशा गोष्टींत न्याय, प्रीति व त्याग ह्या तिहींची परीक्षा होते, आणि ती वर्षांतून एकदां नव्हे, रोज होते.

प्रथम हा क्रम कसा असतो तें पाहूं. बहुतेक खेड्यांत तो ठरलेला असतो. पुरुष रानांतून येतात, हातपाय धुतात, व त्यांस ताट मिळतें. पाहुणा असला तर तो त्यांच्याच पंगतीस बसतो. मग मुलें, त्यांतही पुष्कळ घरीं मुलगे आधीं आणि मुली मागून. मग सासूबाई. सून हा सर्व वेळ तव्यापुढें असते. भाकरी थापावी, तव्यावर टाकावी, वरून पाणी फिरवावें, उलटावी, निखाऱ्यावर फुगवावी, आणि ऊन ऊन ताटांत वाढावी, हें तिचें चालूच असतें. सर्वांचें झालें म्हणजे काथवटींत राहिलेल्या पिठाची शेवटची भाकरी ती आपल्यासाठीं करिते, किंवा दुरडींतली सकाळची घेते. कालवणाच्या पातेल्यांत जें राहिलें असेल तें तिचें. सणावारीं मटण शिजलें, तर फोडी आधींच्या ताटांत गेलेल्या असतात व तिला तळचा रस्सा उरतो. तोही न उरला तर चटणी आणि मीठ. नवऱ्याच्या उष्ट्या ताटांतच बायकोनें जेवावें, अशीही रीत कित्येक घरांत होती, आणि कोठें कोठें ती अजून आहे. पुष्कळ ठिकाणीं चुलीच्या जागीं गॅसची शेगडी आली, पितळेच्या ताटाच्या जागीं स्टीलचें ताट आलें; पण क्रम बहुधा जुनाच राहिला.

ह्या रीतीच्या बाजूनें जें सांगतां येईल, तें आधीं नीट ऐकून घेतलें पाहिजे. ज्या रीतीनें आपल्या आया व आज्या जगल्या, तिला एका शब्दांत मूर्खपणा म्हणणें हें उतावळेपणाचें होईल.

रीतीचा पहिला कैवार असा करितात कीं, ही सारी कामाची सोय आहे. ज्वारीची अगर बाजरीची भाकरी ऊनच चांगली लागते. निवली कीं चिवट होते. थापणारी एक आणि खाणारीं सात. थापणारीच आधीं जेवावयास बसली तर बाकीचीं ताटकळत राहतील. शिवाय रानांतून थकून आलेल्यास आधीं वाढणें ही माणुसकीच आहे. ह्या म्हणण्यांत तथ्य आहे. परंतु त्याची सीमाही पाहिली पाहिजे. भाकरी ऊन मिळावी म्हणून थापणारी मागून बसते, हें समजलें. पण कालवण तर आधींच शिजलेलें असतें. त्यांतला तिचा वांटा वेगळा काढून ठेवण्यास भाकरीची कोणती अडचण आहे? ज्या दिवशीं भात व आमटी होते आणि थापण्याचें कांहीं काम नसतें, त्या दिवशीं तरी ती सर्वांबरोबर बसते काय? आणि थकलेल्यास आधीं, असा नियम धरावा, तर खुरपणीला, कापणीला, ऊसतोडीला तीही त्याच रानांत असते. परतल्यावर पुरुष ओट्यावर टेकतो, तेव्हां ती चूल पेटविते. भारत सरकारनें २०२४ सालीं लोकांचा दिवसाचा वेळ कसा जातो ह्याची पाहणी केली. तींत असें दिसलें कीं, घरकाम करणाऱ्या स्त्रियांचीं त्या कामांत दिवसाचीं सरासरी २८९ मिनिटें जातात. आणि जे पुरुष घरकामास हात लावितात, त्यांचीं ८८ मिनिटें जातात. तेव्हां सोय हें कारण खरें असलें तरी तें अर्धेंच कारण आहे. जेथें सोय संपते तेथेंही क्रम तसाच चालू राहतो. त्या अर्थीं त्याचें मूळ दुसरीकडे असलें पाहिजे.

दुसरा कैवार जुन्या परंपरेचा. आमच्या शेजाऱ्यांपैकीं कित्येक म्हणतात कीं, पुरुषांनीं आधीं व स्त्रियांनीं मागून जेवावें, हें शास्त्रानेंच ठरविलें आहे. मनुस्मृतीचा अधिकार आम्ही मानीत नाहीं. त्या ग्रंथानें स्त्रियांस व हलक्या म्हणविलेल्या जातींस काय दिलें, तें आमच्या वाचकांस सांगावयास नको. २५ डिसेंबर १९२७ रोजीं महाडच्या सत्याग्रहाच्या वेळीं त्याची होळी झाली, ती उगीच झाली नाहीं. परंतु शास्त्राचें नांव सांगणारांस एवढें विचारावें कीं, त्याच ग्रंथाच्या तिसऱ्या अध्यायांत जेवणाचा कोणता क्रम दिला आहे, तें आपण पाहिलें आहे काय? तेथें असें आहे कीं, नव्यानें घरांत आलेल्या सुवासिनी, कुमारी, रोगी व गर्भवती स्त्रिया ह्यांस अतिथींच्याही आधीं जेवूं घालावें. आणि अतिथि, आप्त व चाकर ह्या सर्वांचें झाल्यावर जें उरेल तें नवराबायको दोघांनीं मिळून खावें. म्हणजे ज्या ग्रंथास कोणी स्त्रियांचा कैवारी म्हणणार नाहीं, त्यांत देखील शेवटच्या पंगतीस घरधनी बायकोबरोबर बसलेला आहे. पुढें रीतीनें काय केलें? शेवटचें ताट ठेविलें, पण धनी त्या ताटावरून उठून पहिल्या पंगतीस जाऊन बसला. नवी सून आणि गर्भवती ह्यांस पहिल्या रांगेंतून काढून अगदीं मागें नेलें. तेव्हां आज जिला आपण सनातन परंपरा म्हणतों, ती ज्याला जें सोयीचें तें त्यानें निवडून घेतलेली परंपरा आहे.

तिसरा कैवार सर्वांत थोर आहे, तो प्रीतीचा. आईला विचारा, ती म्हणेल, “लेकरांचीं पोटें भरलीं म्हणजे माझें भरलें.” हें ती खोटें बोलत नाहीं. स्वतःच्या तोंडांतला घास काढून लेंकराला देणें हें आईपणाचें भूषण आहे, आणि जगांत जें कांहीं चांगलें टिकून आहे, तें पुष्कळ अंशीं अशा घासांवर टिकलें आहे. मग जी गोष्ट प्रीतीनें केली जाते, तिच्यांत न्याय आणि अन्याय शोधण्याचा आपणांस काय अधिकार? हा प्रश्न खरोखर अवघड आहे, आणि आमच्या सर्व विचाराचा कणा येथेंच आहे.

गांवांत पैसा गोळा होण्याचे दोन प्रकार असतात, देणगी आणि पट्टी. दोहोंतही घरांतून रुपये बाहेर जातात. पाहणाऱ्यास दोन्ही सारखींच दिसतील. परंतु देणगी देणारा ती न देण्यास मोकळा असतो. म्हणून त्याचें देणें हें त्याचें स्वतःचें असतें, आणि घेणारा त्याचे उपकार मानतो. पट्टी ही ठरलेली असते. ती देणाऱ्याचे कोणी उपकार मानीत नाहीं, आणि ती थकली तर दाराशीं बोलणीं खावीं लागतात. आतां घरांतलें शेवटचें ताट ही देणगी आहे कीं पट्टी, हें कसें ओळखावें? आम्हांस तीन खुणा दिसतात.

पहिली खूण ही कीं, तें नाकारतां येतें काय? अंगांत ताप असतांना सून एखादे दिवशीं सर्वांच्या आधीं दोन घास खाऊन निजली, तर घरांत काय बोलतात? “बरें केलेंस” असें म्हणतात, कीं “एवढी कसली भूक लागली होती” असें म्हणतात? जेथें आधीं जेवणाऱ्या बाईला हावरट हें नांव मिळतें, तेथें मागून जेवणें हें तिचें देणें राहिलें नाहीं.

दुसरी खूण ही कीं, पाळी बदलते काय? प्रीति ही कोणा एकाच्या वांट्यास लावून दिलेली चाकरी नव्हे. आज आईनें लेंकासाठीं घास राखला, तर उद्यां लेंकानें आईसाठीं राखावा; आज बायकोनें नवऱ्याची वाट पाहिली, तर उद्यां नवऱ्यानें तिची पाहावी. जेथें वीस वर्षें एकच माणूस देतें आणि वीस वर्षें बाकीचीं घेतात, तेथें देणाऱ्याची प्रीति खरी असेल. घेणाऱ्यांची प्रीति कोठें आहे, तें दाखवितां येत नाहीं.

तिसरी खूण ही कीं, घेणाऱ्यास कळतें काय? ज्याला देणगी मिळते, त्याला ती मिळाल्याचें ठाऊक असतें. परंतु पोटभर जेवून, हात धुऊन, अंगणांत बाजेवर पडणाऱ्या घरधन्यास विचारा कीं, पातेल्यांत किती कालवण राहिलें? दुरडींत किती भाकरी आहेत? पुष्कळांस सांगतां येणार नाहीं. त्यांस बायको बैलांइतकी प्रिय नाहीं असें आम्ही म्हणत नाहीं. पण बैलांच्या गव्हाणींत कडबा किती राहिला, तें मात्र त्यांस ठाऊक असतें.

ह्या तीन खुणा लावून पाहिल्या, तर आजारी लेंकरासाठीं उपाशीं राहणारी आई ही देणगी देणारी आहे, ह्यांत शंका राहत नाहीं. आणि रोजच्या रोज, सणाला व साध्या दिवशीं, बरी असतांना व आजारी असतांना, न विचारतां व न पाहतां जें शेवटचें ताट तिच्यापुढें येतें, ती पट्टी आहे, हेंही कबूल करावें लागतें. तिच्या मनांत प्रीति असते म्हणून आपण पट्टीला प्रीति हें नांव दिलें, आणि त्या नांवाच्या आड वसुली चालू ठेविली.

कोणी म्हणेल, हा क्रम पुरुष कोठें चालवितात? तो तर सासवाच चालवितात. हें खरें आहे. परंतु सासू ही एके काळीं त्याच चुलीपुढें शेवटीं बसणारी सून होती. जिनें पंचवीस वर्षें पट्टी भरली, तिला ती माफ करण्याचें सुचत नाहीं. वसूल करण्याची पाळी आली असें तिला वाटतें. घरांतलें दुःख असेंच वारशानें चालत येतें, आणि कोणी तरी तें आपल्यापाशीं थांबविल्याशिवाय थांबत नाहीं.

ह्या क्रमांत स्त्रीच्या लायकीचा कांहीं संबंध नाहीं, हें दाखविणारी एक गोष्ट आपल्याच रीतींत आहे. मुलगी सासरहून चार दिवसांसाठीं येते, तेव्हां ती माहेरवाशीण होते. तिला पाट मिळतो, पहिली पोळी मिळते, तिच्या आवडीचें कालवण होतें, आणि आई म्हणते, “बस, तिकडे कोण देणार तुला बसून?” तिकडे कोणी देत नाहीं, हें त्या घरांत सर्वांस ठाऊक आहे! त्याच वेळीं त्याच चुलीपुढें त्याच वयाची सून बसलेली असते, आणि ती माहेरवाशिणीला वाढीत असते. महिन्याभरानें सून आपल्या माहेरीं गेली म्हणजे ती पाटावर, आणि ही मुलगी आपल्या सासरीं चुलीपुढें. दोन्ही घरांतल्या आया आपापल्या लेकीसाठीं हळहळतात, आणि दुसरीच्या लेकीला शेवटीं वाढतात. जें आपल्या लेकीला मिळूं नये असें वाटतें, तें दुसऱ्याच्या लेकीला देणें, ह्याला प्रीति म्हणतां येईल काय?

गर्भार बाईचेंही तसेंच. सातव्या महिन्यांत तिचें डोहाळजेवण होतें. हिरवें पातळ, फुलांची वाडी, पांच प्रकारचीं पक्वान्नें, आणि तिला काय आवडतें हें सर्व जणी विचारतात. ही रीत सुंदर आहे. परंतु गर्भ नऊ महिने वाढतो आणि डोहाळजेवण एका दिवसाचें असतें. बाकीच्या दिवशीं ती शेवटच्याच ताटावर असते.

ह्याचा परिणाम शरीरावर झाल्याशिवाय राहत नाहीं. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषद व हैदराबादची राष्ट्रीय पोषण संस्था ह्यांनीं २०२० सालीं सांगितलेल्या प्रमाणाप्रमाणें प्रौढ पुरुषास अन्नांतून रोज १९ मिलिग्रॅम लोह लागतें, आणि प्रौढ स्त्रीस २९. म्हणजे डाळ, पालेभाजी, मांस, अंडें ह्यांची जिला अधिक गरज, तिलाच पातेल्याचा तळ मिळतो. २०१९ ते २०२१ ह्या काळांतल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणींत १५ ते ४९ वर्षांच्या वयांत शेंकडा ५७ स्त्रियांच्या अंगांत रक्त कमी आढळलें. त्याच वयाच्या पुरुषांत हें प्रमाण शेंकडा २५ होतें. आपल्या महाराष्ट्रांत स्त्रियांचें प्रमाण शेंकडा ५४ होतें. रक्त कमी होण्याचीं कारणें पुष्कळ आहेत. मासिक स्राव, लागोपाठचीं बाळंतपणें, पोटांतले जंत, अन्नांतला निकसपणा. सर्व दोष जेवणाच्या क्रमावर घालणें खरें होणार नाहीं. परंतु जिचें शरीर आधींच अधिक मागतें, तिला शेवटचें व कमी देणें ह्यानें आजार हटणार नाहीं, हें समजण्यास वैद्य व्हावें लागत नाहीं. चक्कर येते, धाप लागते, पाय ओढत नाहींत, आणि घरांतलीं माणसें म्हणतात, “हिच्यानें काम होत नाहीं.”

सुकाळांत ह्या क्रमाची किंमत थोडी दिसते. टंचाईंत ती पूर्ण दिसते. १९७२ च्या दुष्काळांत आपल्या लोकांनीं खडी फोडली, सुखडी खाल्ली, परदेशांतून आलेली लाल मिलो दळून भाकरी केली. ज्या घरांत सर्वांनीं मिळून थोडें थोडें कमी खाल्लें, तेथें भूक सर्वांत वांटली गेली. ज्या घरांत क्रमाप्रमाणें वाढलें गेलें, तेथें सगळी तूट शेवटच्या ताटावर येऊन पडणार, हें उघडच आहे. पाऊस कोणाच्याही शेतावर कमी पडो, तो सर्वांत आधीं तिच्या ताटांत कमी पडतो.

आणि नुकसान तिचें एकटीचेंच होतें असें नाहीं. जो मुलगा लहानपणापासून आधीं जेवतो, त्याचें काय होतें? त्याला कोणी वाईट शिकवीत नाहीं. पण उरलेलें कोणाला मिळतें हें पाहण्याची त्याला कधीं गरजच पडत नाहीं. डोळा असून न दिसण्याची ही शिकवण फार लवकर सुरू होते. आणि त्याची बहीण, जी आईजवळ बसून वाट पाहते, ती शिकते कीं आपली भूक ही सांगण्यासारखी गोष्ट नव्हे. पुढें तो मोठा होऊन पंचायतींत बसतो, मंडळीचा पंच होतो, मजूर लावितो. आणि ज्याला मागें राहिलेल्याचें ताट दिसण्याची सवय नाहीं, त्याला मजुराचें तरी कसें दिसावें?

आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांस ही गोष्ट इतरांहून अधिक लवकर समजावी. ज्यांच्या आज्यापणज्यांस गांवच्या लग्नांत पंगती उठून जाईपर्यंत बाहेर थांबावें लागे. ज्यांच्या पदरांत उरलेलें व उष्टें अन्न वरून टाकलें जाई. ज्यांनीं तें आमचें नशीब नव्हे असें म्हणून मान वर केली. त्यांच्या घरांत तीच रीत आडव्या भिंतीच्या आंत चालावी काय? गांव त्या वेळीं हेंच म्हणत असे, “हें पूर्वींपासून चालत आलें आहे, आणि त्यांची कांहीं तक्रार नाहीं.” हेंच उत्तर आपण आज चुलीपुढच्या बाईविषयीं देतों. तक्रार नसणें म्हणजे अन्याय नसणें नव्हे, हा धडा ज्यांनीं अंगावर सोसून शिकला, त्यांनीं तो आपल्या घरांत विसरूं नये.

करिंथ येथील मंडळीचीही हकीकत येथें आठवण्याजोगी आहे. तेथील लोक प्रभूच्या भोजनासाठीं एकत्र जमत. पण कांहीं आधींच खाऊन पिऊन तृप्त होत आणि गरीब भुकेलेले राहत. पौलानें त्यांस ह्याबद्दल कडक शब्द लिहिले, आणि एकमेकांसाठीं थांबावें अशी आज्ञा केली. जेवणाचा क्रम ही त्याला क्षुल्लक गोष्ट वाटली नाहीं. आमच्या मंडळ्यांत सणाच्या प्रीतिभोजनाला पहिली पंगत कोणाची असते? पाळक, उपदेशक, पंच व पाहुणे ह्यांची. आणि ज्या बायकांनीं पहाटेपासून भात उकडला, रस्सा ढवळला, त्या दिवस कलला म्हणजे मोठ्या पातेल्याभोंवतीं बसतात. घरीं जेवणापूर्वीं प्रार्थना होते, “तूं आम्हांस अन्न दिलेंस.” ही प्रार्थना चालली असतां घरांतलें एक माणूस तव्यापुढें असतें. “आम्हांस” ह्या शब्दांत तें धरलें आहे कीं नाहीं, हें प्रार्थना करणारानें एकदां आपल्या मनाशीं विचारून पाहावें.

तर मग काय करावें? स्त्रियांनीं प्रीति करणें सोडावें, ज्यानें त्यानें आपापलें वाढून घ्यावें, असें आमचें म्हणणें मुळींच नाहीं. वाढण्यांत माया आहे, पाहुण्यास आधीं बसविण्यांत मोठेपणा आहे, म्हाताऱ्यास ऊन व मऊ देण्यांत शहाणपण आहे. ह्या रीती टाकूं नयेत. त्या सर्वांनीं वांटून घ्याव्यात. त्यासाठीं पैसा लागत नाहीं, सरकारची योजना लागत नाहीं. कांहीं साध्या गोष्टी पुरेत.

कालवण उतरल्याबरोबर घरांत जितकीं माणसें तितके वांटे मनांत धरावेत, आणि जी शेवटीं जेवणार तिचा वांटा आधीं काढून झांकून ठेवावा. मटण असो, अंडें असो, तिची फोड तिच्या वाटींत आधीं पडावी. दिवसांतून निदान रात्रींचें जेवण सर्वांनीं एकत्र बसून करावें; भाकरी थोडी निवली तरी चालेल, माणूस निवूं नये. जेथें भाकरी ऊनच हवी, तेथें शेवटच्या दोन भाकरी मुलानें थापाव्यात किंवा नवऱ्यानें भाजाव्यात. वेड्यावांकड्या झाल्या तरी त्या पोटांत गोलच होतात. मुलगा आणि मुलगी एकाच पंगतीस बसवावीं, आणि वाढण्याचें काम दोघांसही शिकवावें. गर्भार व अंगावर पाजणाऱ्या बाईला म्हाताऱ्यांबरोबर पहिल्या पंगतीस घ्यावें. हें होण्यासारखें नाहीं असें कोणी म्हणूं नये. राजस्थानांतील बांसवाडा व सिरोही ह्या जिल्ह्यांतील आदिवासी खेड्यांत २०१५ च्या सुमारास बचत गटांच्या बायकांनीं व कार्यकर्त्यांनीं घरोघरीं हीच गोष्ट सांगितली, कीं सर्वांनीं एकत्र बसून जेवा; आणि जुन्या वळणाच्या कित्येक घरांनीं ती केली.

उपदेशक बंधूंस एक वेगळी विनंति आहे. आपण ज्या घरीं जातां, तेथें आपल्या येण्यानें पंगत वाढते आणि शेवटचें ताट आणखी मागें जातें. आपल्यासाठीं कोंबडी कापली जाते, आणि तिचा रस्सा पुरवितांना कोणाची वाटी रिकामी राहते, तें आपणांस आंतल्या खोलींतून दिसत नाहीं. तेव्हां ताटावर बसण्यापूर्वीं घरधन्यास एवढेंच म्हणावें, “बाईंनाही बोलवा, आपण सगळेच बसूं.” पहिल्या वेळीं घरांत संकोच होईल, बाई आंतूनच “तुम्ही जेवा” म्हणतील, दुसऱ्या वेळीं संकोच कमी होईल. अर्ध्या तासाच्या उपदेशानें जें होत नाहीं, तें ह्या एका वाक्यानें होण्यासारखें आहे.

भगिनींनाही एक शब्द सांगावयाचा आहे. आपणांस बोलाविलें असतां “माझें काय, मी मागून घेईन” असें म्हणण्याची सवय आपल्या जिभेस लागलेली आहे. देणें हें जसें सद्गुणाचें आहे, तसें घेणें हेंही आहे. जी कधींच घेत नाहीं, ती आपल्या माणसांस देण्याची संधि देत नाहीं, आणि तीं देण्यास शिकतही नाहींत. आपल्याजवळ बसलेली लहान मुलगी आपणांकडे पाहत असते. आपल्या भुकेविषयीं आपण जें बोलतां, तेंच ती पुढें आपल्या भुकेविषयीं बोलेल. तिच्यासाठीं तरी आपलें ताट सर्वांबरोबर मांडा.

आणि घरधन्यांनीं दुसरें कांहीं न केलें तरी आज रात्रीं एवढें करावें. जेवून उठण्यापूर्वीं पातेल्याचें झांकण उघडून आंत पाहावें, दुरडींतल्या भाकरी मोजाव्यात, आणि त्या पुरेशा नसतील, तर आपल्या ताटांतली अर्धी भाकरी उष्टी होण्याआधीं काढून ठेवावी.